उरलेली अर्धी पपई

४ मार्च, मंगळवार

माझं आयुष्य बदललं ते आज दुपारी, "अर्धी देता का?" या प्रश्नाने.

आत्या गुडघा शेकून घ्यायला हॉस्पिटलात गेली होती. फळांच्या टपरीवर मी एकटा. ऊन असं की सफरचंदांनाही घाम फुटावा. एक मुलगी आली. पांढरा कोट, बाहीवर जांभळा डाग. तिने पपई उचलली, देठापाशी अंगठ्याने दाबली, वास घेतला, आणि कपाटात पुस्तक परत ठेवावं तशी जागच्या जागी ठेवून म्हणाली, "अर्धी देता का?"

"अर्धी नाही मिळत."

"का?"

"कापायची परवानगी नाही."

"पपई कापायला परवानगी लागते?" ती हसली. "मी सकाळपासून माणसांना सुया टोचतेय. मला कोणी अडवलं नाही."

ती हॉस्पिटलात रक्ततपासणीच्या खोलीत काम करते, हे गळ्यातल्या कार्डावरून कळलं. नाव वाचेपर्यंत ती वळली होती. काही न घेता गेली.

मोठ्या गोष्टी मोठा आवाज करून घडतात असं मला वाटायचं. कायद्याचं कॉलेज दुसऱ्या वर्षात सोडलं तेव्हा मी वर्गाचं दार इतकं जोरात आपटलं की काच तडकली. पुढे काय झालं? बाबांनी घराबाहेर काढलं, आत्याने घरात घेतलं आणि मी संत्री पुसू लागलो. आत काही हललं नव्हतं. आज हललं. आणि मी तिला काय म्हणालो? परवानगी नाही. असला नेभळट शब्द मी तिच्याशी पहिल्याच दिवशी वापरला.

५ मार्च, बुधवार

सकाळी आत्याला विचारलं, पपई अर्धी कापून दिली तर काय होईल?

"परवान्यात काय लिहिलंय?"

"अखंड, न सोललेली, न कापलेली फळे."

"मग विचारतोस काय? तूच वकील ना घरातला." मी कॉलेज सोडल्यापासून ती मला वकीलसाहेब म्हणते. बाबा शिव्या देतात त्यापेक्षा हे जास्त लागतं.

आमच्या हॉस्पिटलच्या मागच्या फाटकाशी परवान्याच्या टपऱ्यांची एक रांग आहे आणि तिथला कायदा कोणी बनवला त्याला एकदा भेटायची माझी इच्छा आहे. चहावाल्याने चहा विकायचा, बिस्किट नाही. त्याच्या शेजारच्याने बिस्किट विकायचं, चहा नाही. त्यामुळे पेशंटचे नातेवाईक एका टपरीवरून कप घेतात, दुसऱ्या टपरीसमोर उभे राहून बिस्किट बुडवतात आणि मऊ झालेला तुकडा बरोबर दोघांच्या मधे पडतो. तो कोणी झाडायचा यावरून त्या दोघांचं रोज भांडण.

मी आत्याला समजावलं. म्हटलं, नियमाचा शब्द नसतो बघायचा, हेतू बघायचा असतो. गिऱ्हाइकासमोर, स्वच्छ सुरीने कापलं तर हेतूला कुठे धक्का लागतो?

आत्या केळी लावत होती. म्हणाली, "एक कापलीस. अर्धी तिने नेली. उरलेल्या अर्धीचं काय?"

"ती... 'ती' असं म्हटलंच नाही मी. कोणीही असेल."

"कोणीही असू दे. उरलेली अर्धी कुठे जाणार? फडक्याखाली. मग येईल कोणीतरी आजारी माणसाचा मुलगा, स्वस्तात मागेल, आणि तू देशील. म्हणून नाही कापायची. तुझे आतोबा गेल्यापासून या टपरीवर माझी चूल पेटते. नाही म्हणजे नाही."

मी ताडकन उठलो, बाहेर पडलो आणि दार आपटलं. आमच्या खोल्यांचं दार फुगलेलं आहे. आपटलं की चौकटीवर आदळून पुन्हा उघडतं. त्यामुळे रागाचा सगळा कार्यक्रम वाया जातो. आतून आत्याचा आवाज आला, "ते आपटून नाही लागत. जरा उचलून लावावं लागतं. किती वेळा सांगू?"

७ मार्च, शुक्रवार

कापली.

घरची सुरी पिशवीत घालून नेली होती. आत्या शेकायला गेली आणि ती आली. मी काही न बोलता सर्वांत चांगली पपई घेतली आणि उभी चिरली. आतून असा रंग निघाला की आम्ही दोघंही बघतच राहिलो. बिया चमच्याने काढल्या, तिची अर्धी कागदात गुंडाळून दिली.

"परवानगी मिळाली वाटतं."

"मिळवली."

बोलताना माझा आवाज किंचित फाटला. पण तिचं लक्ष नव्हतं. तिने पैसे दिले आणि गेली.

मग मी टपरीच्या मागे खोक्यावर बसून दुसरी अर्धी खाल्ली. हळूहळू, चमच्याने. ती तिच्या खोलीत खात असेल, मी इथे. एकाच फळाचे दोन भाग. बिया मागे गवतात टाकल्या. पैसे माझ्या खिशातून गल्ल्यात टाकले, तेव्हा चोरी नाही.

१५ मार्च, शनिवार

रोज नाही येत. एक दिवसाआड येते. मला आता पपई पाहिली की ती आतून कशी असेल ते सांगता येतं, पण माणसाचं तसं कळत नाही.

आज थोडं बोलणं झालं. मी विचारलं, अर्धीच का? म्हणाली, "एकटीसाठी पूर्ण घेतली की दुसऱ्या दिवशी टाकावी लागते. मला अन्न टाकवत नाही."

एकटीसाठी. हा शब्द मी दिवसभर तोंडात घोळवला. एकटी राहते. कोणी नाही.

आत्याने रात्री जेवताना विचारलं, "पपईचा माल लवकर संपतोय हल्ली."

"खप वाढलाय."

"हं," म्हणाली आणि माझ्या पानात आणखी भात वाढला. "पोट बरं आहे ना तुझं?"

मी खादाड आहे असं तिला वाटतंय. वाटू दे.

२ एप्रिल, बुधवार

आज एक वेगळी गोष्ट घडली. ती अर्धी घेऊन गेली आणि मी माझी अर्धी घेऊन खोक्यावर बसणार, एवढ्यात एक माणूस आला. वडील आत ऑपरेशनला. त्याने माझ्या हातातल्या अर्ध्या पपईकडे बघितलं. "ही देता?"

मी दिली. आणि खरं सांगायचं तर पपई खाऊन खाऊन माझंही पोट आता तिच्या नावाने कुरकुरत होतं.

मग त्याच्यामागून आणखी एक जण आला. त्याला अर्धीही नको होती, पाव हवी होती. त्याच्यासाठी नवी कापली. संध्याकाळपर्यंत मी कलिंगडाच्या फोडी करून ताटलीत लावल्या होत्या, वर पातळ प्लॅस्टिक. माशी शिरायची हिंमत नाही. गल्ला पाहून मी स्वतःच चकित झालो. आत्याला सगळं एकदम सांगायचं ठरवलंय, महिना भरला की. तिला गुडघ्याचं ऑपरेशन करून घ्यायचंय आणि ती बोलत नाही. मग विचारीन, आता बोल, वकीलसाहेब मूर्ख होते का?

चहावाला बघत होता. म्हणाला, "मी चहाबरोबर एक बिस्किट दिलं तर माझी फळी उचलून नेतील. आणि तू इथे फळांचं हॉटेल काढलंस."

"तुम्ही घाबरता म्हणून तुमच्यावर नियम चालतो."

"बरोबर," तो म्हणाला. "मी घाबरतो. मला तीन मुली आहेत."

१० एप्रिल, गुरुवार

तिने विचारलं, "उरलेल्या अर्धीचं तुम्ही काय करता?"

आत्याचाच प्रश्न. खरं तर सांगायला हवं होतं की मी खातो, खात होतो, तुझ्या अर्धीची जोडी म्हणून. मी म्हणालो, "खपते."

"मग बरं," म्हणाली. "मला उगीच वाटायचं माझ्यामुळे तुमचं नुकसान होतंय."

मग बराच वेळ ताटलीकडे बघत राहिली. "हे सकाळी कापलेलं?"

"आत्ता आत्ता."

सकाळचंच होतं. तिने फोडींना हात लावला नाही. तिच्यासमोर नवी पपई कापली तीच नेली. चोखंदळ आहे. मला आवडतं ते.

२२ एप्रिल, मंगळवार

आज जे झालं ते जसंच्या तसं लिहून ठेवतो.

फूटपट्टी आला. आमचे परवाना निरीक्षक. नेहमी हातात स्टीलची लांब पट्टी असते, टपरीची फळी रस्त्यावर किती बोटं पुढे आली ते मोजतात, म्हणून रांगेतलं हे नाव. आत्या शेकायला गेलेली. समोर गिऱ्हाइकं उभी, आणि त्यांत ती.

त्याने पट्टीच्या टोकाने ताटलीवरचं प्लॅस्टिक उचललं. "हे कोणी कापलं?"

"मी."

"परवाना तुझ्या नावावर आहे?"

"आत्याच्या. मी मदतनीस. नोंद आहे माझी."

"म्हणजे तू हे परस्पर केलंस."

परस्पर. सगळ्यांसमोर. तिच्यासमोर. जणू मी कोणी भुरटा, आत्याची पाठ वळली की डल्ला मारणारा. माझं डोकं सटकलं. मी म्हणालो, "परस्पर नाही. लपूनछपून काही नाही. आत्याला सांगून, तिच्या संमतीने उघड्यावर चाललंय. काय करायचं ते करा."

फूटपट्टीने वही उघडली. मग पट्टीकडे बघत म्हणाला, "नीट आठव. त्या इथे नाहीत. त्यांना माहीत नसेलही. तू आत्ता जे बोलशील ते मी लिहिणार."

घाबरवायला बघत होता. पण आपण काही लेचेपेचे नाही. "माहीत आहे. संमती आहे. लिहा."

त्याने लिहिलं. मला सही करायला लावली. मी अशी सही ठोकली की कागद फाटायचा राहिला. सुरी, फळी, ताटल्या घेऊन गेला. मी तिच्याकडे पाहिलं. ती निघून गेली होती. बहुतेक तिला ते बघवलं नसेल.

चहावाल्याने न मागता चहा आणून दिला. म्हणाला, "तू वकिली सोडलीस ते बरं केलंस."

२३ एप्रिल, बुधवार

आत्याला सगळं कळलंय. रडली नाही, ओरडली नाही. फक्त विचारलं, "संमतीने म्हणालास?"

"हो. म्हणजे तत्त्व म्हणून."

ती उठून पाण्याचा हंडा भरायला गेली. तो भरलेलाच होता.

सुनावणी पुढच्या महिन्यात. तोवर टपरी चालू, पण अखंड फळांची. चहावाल्याने आज समजावून सांगितलं. मदतनिसाने स्वतःच्या डोक्याने काही केलं असेल तर ताकीद देतात आणि मदतनिसाचं नाव कमी करतात. परवानाधारकाची संमती असेल तर परवानाच रद्द. आणि या रांगेत एकदा गेलेला परवाना पुन्हा मिळालेला त्याने पाहिला नाही.

मी तयारीला लागलोय. मुद्दा तयार आहे. केळ्यांच्या घडातून आपण दोन केळी तोडून देतो. मग घड अखंड राहिला का? म्हणजे रोज प्रत्येक फळवाला गुन्हा करतो. याला उत्तर नाही त्यांच्याकडे. चहावाल्याला ऐकवलं तर तो म्हणाला, "हे त्यांना नको सांगू. केळी पण बंद करतील."

५ मे, सोमवार

ती आली. मधे बारा-तेरा दिवस दिसली नव्हती. मला वाटलं होतं, माझा तमाशा पाहून टाळतेय.

मी म्हणालो, "अर्धी देता येणार नाही आता."

"नको," म्हणाली. "पूर्ण द्या."

मी हातातली पपई तशीच धरून उभा. पूर्ण. जिला अन्न टाकवत नाही ती मुलगी पूर्ण पपई नेतेय. उद्या अर्धी फेकणार, मन मारून. कशासाठी? माझ्यावर पुन्हा संकट नको म्हणून. एवढं मोठं काही माझ्यासाठी आजवर कोणी केलेलं नाही.

"पिकलेली बघून द्या हं. आजच संपवायची आहे."

आजच. बिचारी. एकटीने.

तिच्या हातात आज दोन हेल्मेटं होती. एक तिच्या मापाचं, एक चांगलंच मोठं. गाडी शिकतेय वाटतं. दुकानदाराने चुकीच्या मापाचं गळ्यात मारलं असणार. बदलून आणून देतो म्हणायला हवं होतं.

९ मे, शुक्रवार

आज पुन्हा पूर्ण. आणि वर चार संत्री.

आत्या होती टपरीवर. तिने पपई निवडून दिली, वरून एक संत्रं जास्त घातलं आणि दोघी काहीतरी हसून बोलल्या. आत्याचं रक्त तपासायला तीच असते, त्यामुळे ओळख आहे. ती गेल्यावर आत्या म्हणाली, "पूर्ण नेते आता. बरं झालं पोरीचं."

"हो ना," मी म्हणालो. "नियमात बसतं."

आत्याने माझ्याकडे पाहिलं. मग संत्र्यांचा ढीग उगीचच मोडून पुन्हा लावत बसली.

सुनावणी झाली आणि जिंकलो की तिला विचारणार. वाक्य तयार आहे. तीन वेळा बदललं.

१४ मे, बुधवार

सुनावणी झाली. लांब टेबल, टेबलामागे एक बाई अधिकारी, बाजूला फूटपट्टी. आज त्याच्या हातात पट्टी नव्हती, त्यामुळे अगदी साधा माणूस दिसत होता.

मी केळ्यांचा मुद्दा मांडला. जोरदार मांडला. अधिकारी बाईंनी पूर्ण ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "झालं? बसा."

मग आत्याला विचारलं, "तुम्हाला न विचारता याने हे केलं असेल तर तसं सांगा. परवान्याला धक्का लागणार नाही. मात्र मग याने कामावरच्या निरीक्षकाला खोटं लिहून दिलं असं होतं. त्याची वेगळी तक्रार जाईल, पोलिसांकडे. समजतंय ना? आता सांगा, तुमची संमती होती?"

मला वाटलं आत्या गडबडेल. कार्यालयात गेली की तिचा आवाज बसतो. ती गुडघ्यावर हात टेकून उठली. बसून बोला म्हटलं तरी उभी राहिली.

"होती. मीच सांगितलं त्याला कापायला."

बाईंनी पुन्हा विचारलं. आत्याने पुन्हा तेच सांगितलं, शब्दही तेच, पाठ केल्यासारखे. फूटपट्टी खिडकीबाहेर बघत होता.

आत्या शेवटी माझ्या बाजूने बोलली. मला असं भरून आलं. एवढे दिवस गप्प होती म्हणून मी मनात तिला काय काय म्हणालो. निकालावर सोमवारी सही होणार आहे. त्याआधी कोणाला आणखी काही सांगायचं असेल तर कार्यालयात येऊन सांगावं, असं बाई म्हणाल्या. तोवर टपरी बंद.

आपण आणखी काय सांगणार? सगळं सांगून झालंय.

१६ मे, शुक्रवार

सकाळी टपरीतला उरलेला माल घरी आणायला गेलो. कुलूप काढतोय तर मागून तिचा आवाज आला. "अहो, बंद का?"

मी वळलो. वाक्य जिभेवर होतं. तिच्याशेजारी एक उंच माणूस उभा होता, मोठं हेल्मेट काखेत.

"हे माझे मिस्टर," ती म्हणाली. "बदलीसाठी दोन वर्षं अडकले होते. गेल्या महिन्यात आले एकदाचे." मग त्याला म्हणाली, "हेच ते. तू नव्हतास तेव्हा यांनीच मला अर्धी पपई दिली. नाहीतर रोज टाकावी लागली असती."

तो छान हसला. "आता पूर्णही पुरत नाही आम्हाला. मी फार खातो."

चांगला माणूस आहे. हे लिहिताना दात खातोय, पण चांगला आहे. तिने विचारलं केसचं काय झालं. म्हणाली, "त्या दिवशी मी थांबायला हवं होतं. पण खरं सांगू? ते कापून ठेवलेलं मला बघवत नव्हतं. आमच्याकडे येणारे पेशंट तेच खाऊन आत जायचे. मी तुम्हाला बोलणार होते, पण सुरुवात माझ्यापासूनच झाली होती ना, मग कुठल्या तोंडाने बोलणार?"

मी त्यांना एक पपई दिली. पैसे घेतले नाहीत. ते गेल्यावर खोक्यावर बसलो. मागच्या गवतात पपईची रोपं उगवली आहेत, बोटभर उंचीची, दाट. मी टाकलेल्या बियांची.

चहावाला आला. त्याला सांगण्यासारखं काही नव्हतं, त्याने सगळं पाहिलं होतं. माझ्या शेजारी बसला आणि दुसऱ्याच विषयावर बोलला. "तुझी आत्या सुनावणीच्या आदल्या दिवशी माझ्याकडे आली होती. विचारत होती, फूटपट्टी म्हणतात तशी खोटं लिहून दिल्याची पोलिसांत तक्रार गेली तर मुलाला पुन्हा कॉलेजात घेतात का. पुढे वकिलीची सनद देतात का. मी म्हटलं बाई, मला चहातलं विचार."

"आणि?"

"आणि काय. गेली उठून. मी तेव्हाच समजलो ती काय बोलणार."

मला आजपर्यंत समजलं नव्हतं. समोर बसून, तिचा प्रत्येक शब्द ऐकूनही.

१८ मे, रविवार

दोन दिवस आत्याशी नजर चुकवली. आज ती तांदूळ निवडत होती, मी समोर जाऊन बसलो.

"खोटं का बोललीस?"

"मी कुठे खोटं बोलले? तू बोलून बसला होतास. मी ते खरं करून टाकलं."

"परवाना जाईल."

"माझा आहे. जाईल तर माझा जाईल. कोणाकडे स्वयंपाक करीन."

"या गुडघ्यावर?"

"स्वयंपाक हाताने करतात."

तीच पुढे म्हणाली, "तुझ्या नावावर पोलिसांचा कागद नको. उद्या कॉलेजात परत जावंसं वाटलं तर—"

"मला नाही जायचं."

"नको जाऊ. तुला नको म्हणून नको जाऊ. कोणी घेत नाही म्हणून घरी बसलास, असं नको."

तांदळातला खडा तिने बाजूला ठेवला. मी विचारलं, "तुला आधीपासून माहीत होतं? कापतोय ते?"

"टपरीमागे बियांवर माश्या घोंघावत होत्या. माझा गुडघा गेलाय, डोळे नाही."

"मग बोलली का नाहीस?"

तिने आणखी एक खडा काढला. "एकदा नाही म्हटलं होतं. दुसऱ्यांदा म्हणायला हवं होतं. पण तू पहाटे न उठवता उठत होतास, दाढी करत होतास, शीळ घालत फळं पुसत होतास. इथे आलास तेव्हा महिनाभर भिंतीकडे तोंड करून पडला होतास. म्हटलं, राहू दे चार दिवस. माझीही चूक आहे त्यात."

मी थोडे तांदूळ माझ्याकडे ओढले आणि निवडू लागलो.

१९ मे, सोमवार

लवकर उठलो. दुपारी सही होणार, त्याआधी त्या बाईंना गाठायचं आहे. डोक्यात एरवीसारखं भाषण चालू नाही. माहीत असणं आणि संमती असणं या दोन गोष्टी वेगळ्या आहेत, हे दुसऱ्या वर्षाच्या पहिल्या महिन्यात शिकवलं होतं. मी तेव्हा मागच्या बाकावर बसून सरांची टिंगल करत होतो. आत्याला माहीत होतं. संमती तिने दिली नाही, नाही म्हणाली होती, स्पष्ट, पहिल्याच दिवशी. मी खोटं लिहून दिलं, कारण एक मुलगी बघत होती. एवढंच सांगायचं. हेही सांगीन की फूटपट्टीसाहेबांनी मला दोनदा संधी दिली होती आणि मी ती धमकी समजलो. त्यांचं खरं नाव काय, ते मला माहीत नाही. विचारीन.

पुढे माझं काय होईल? पोलीस बोलावतील. मदतनीस म्हणून नाव जाईल. कॉलेजचं दार उघडं राहील की नाही, ठाऊक नाही. आत्ता या क्षणाला मला प्रथमच ते उघडं असावं असं वाटतंय, आणि ही पण एक गंमतच.

टपरीवर मग आत्याला एकटीने बसावं लागेल. चहावाल्याला विचारून ठेवलंय, सकाळी फळी लावायला आणि जड करंड्या उचलायला हात द्याल का. तो म्हणाला, "देईन. पण मी फळाला हात लावला तर तोही गुन्हा नाही ना, ते तुझ्या बाईंना विचारून ये."

आत्या उठली असणार. आत चमच्याचा आवाज आला होता मघाशी. जाऊन पाहिलं तर ती पुन्हा अंथरुणावर पडली होती, भिंतीकडे तोंड करून, जागी. ओट्यावर टपरीतून आणलेली शेवटची पपई. पार पिकलेली, विकायच्या कामाची नव्हतीच. तिने उभी कापली होती. अर्धी खाल्ली होती, साल नीट मिटून ठेवली होती. उरलेल्या अर्धीवर ताटली झाकली होती.

मी उभ्यानेच खाल्ली, सगळी. बिया कागदात बांधून खिशात घेतल्या. भांडं धुऊन पालथं घातलं.

"आत्या, येतो."

ती वळली नाही. "कुठे" विचारलं नाही. थोड्या वेळाने म्हणाली, "डबा?"

"दुपारपर्यंत येईन बहुतेक."

"बरं."

वही आता ट्रंकेत ठेवतोय. चपला घातल्यात. बाहेर पडून, कडी धरून, दार जरा उचलायचं आणि ओढून घ्यायचं.